घाटावर कचेरी, घाटाखाली बाजार

मित्रहो, पोस्ट लांब आहे. सवड असेल तेव्हा वाचा, पण वाचल्याशिवाय कमेंटमध्ये भांडू नका.

खामगाव जिल्ह्याची मागणी पुन्हा चर्चेत आहे. आपल्याकडे ही मागणी पेरणीसारखी आहे, हंगाम आला की निघतेच. खामगाववाले म्हणतात, मोठं शहर आमचं, बाजार आमचा, रेल्वे आमची, मग कचेरी घाटावर काहून? बुलढाणावाले म्हणतात, दीडशे वर्षांपासून मुख्यालय इथं आहे, आता तोडून कोणाचं भलं होणार? दोन्हीकडचे मित्र मला टॅग करतात. मी घाटाखालचा, नांदुऱ्याच्या बाजूचा. पण बातमीदारीची वीसेक वर्षं बुलढाण्याच्या एसटीत गेली. त्यामुळे दोन्हीकडून शिव्या खायची सवय आहे.

या भांडणात एक गोष्ट सहसा कोणी काढत नाही. खामगाव आणि जळगाव जामोद हे बुलढाणा जिल्ह्याचे मूळ तालुके नाहीतच. ते १९०५ साली अकोल्यातून काढून आपल्याला जोडले गेले. का जोडले, हे कळलं की आजचा वाद जरा वेगळा दिसायला लागतो. पण त्यासाठी आधी जमीन पाहावी लागेल, कारण आपल्या जिल्ह्याचं सगळं राजकारण शेवटी त्या घाटापाशीच येऊन थांबतं.

मोताळ्याहून राजूर घाट चढून वर या. काही मिनिटांत हवा बदलते. खाली पूर्णेचं खोरं, काळी खोल जमीन, मे महिन्यात अंगाची लाही. वर अजिंठ्याच्या डोंगररांगेचं पठार, साडेसहाशे मीटरच्या आसपास उंची, हलकी जमीन, थंड रात्री. जुन्या कारभारात या दोन भागांना नावंच वेगळी होती. फारसीत 'बाला' म्हणजे वरचा आणि 'पाईन' म्हणजे खालचा. म्हणून वरचा तो बालाघाट, खालचा तो पयानघाट. आपण आजही लग्न जमवताना विचारतो, पोरगी घाटावरची का घाटाखालची? मोगल आणि निजामाच्या दफ्तरातला शब्द आपल्या सोयरिकीत टिकून आहे.

पाण्याचंही तसंच. बुलढाण्याच्या एका अंगाला पैनगंगा उगम पावते. ती वर्धेला मिळते आणि तिचं पाणी गोदावरीतून बंगालच्या उपसागरात जातं. दुसऱ्या अंगाला नळगंगा, विश्वगंगा, ज्ञानगंगा घाट उतरून पूर्णेत जातात, पूर्णा तापीत, आणि तापी अरबी समुद्रात. एकाच जिल्ह्याचा पाऊस देशाच्या दोन टोकांना वाहून जातो. गंमत म्हणजे आपल्याकडे पूर्णाही दोन आहेत. उत्तरेची तापीवाली, आणि देऊळगावराजा-सिंदखेडराजाकडची खडकपूर्णा, जी पुढं गोदावरीला मिळते. पेपरात 'पूर्णेला पूर' अशी बातमी लागली की आमच्या डेस्कवर पहिला प्रश्न असायचा, कोणत्या?

सगळ्यात उत्तरेला जळगाव जामोद आणि संग्रामपूरच्या डोक्यावर सातपुडा. म्हणजे हा जिल्हा तीन पायऱ्यांचा आहे: सातपुडा, मध्ये पूर्णेचं खोरं, मग घाट चढून पठार. ९ हजार ६६१ चौरस किलोमीटर, १३ तालुके, २०११ च्या जनगणनेत २५ लाख ८६ हजार माणसं. आणि या पायऱ्या जोडणारे रस्ते हाताच्या बोटावर मोजण्याइतके. संग्रामपूरच्या माणसाला कलेक्टर कचेरी गाठायला शंभरेक किलोमीटर पडतात. सिंदखेडराजाच्या माणसाला बुलढाण्यापेक्षा जालना कितीतरी जवळ. मलकापूरचा माणूस बाजाराला भुसावळकडं बघतो, आणि त्याचं खासदारकीचं मतही रावेर मतदारसंघात पडतं. जिल्हा एक, पण तोंडं चार दिशांना.

आता कारभाराकडे येऊ.

अकबराच्या काळात 'आइन-ए-अकबरी' लिहिली गेली तेव्हा वऱ्हाडच्या सुभ्यात मेहकर हे सरकार होतं. सरकार म्हणजे आजच्या जिल्ह्यासारखं काहीतरी. म्हणजे मुख्यालयाच्या शर्यतीत सगळ्यात जुना दावा मेहकरचा आहे, पण मेहकरकर बिचारे शांत असतात. पुढं मराठे आणि निजाम यांची वऱ्हाडावर ओढाताण चालली. १८०३ च्या इंग्रज-मराठा युद्धानंतर नागपूरकर भोसल्यांचा इथला वाटा सुटला आणि वर्धा नदीच्या अलीकडचा मुलूख निजामाकडे गेला. निजामाची तिजोरी रिकामी, म्हणून वसुली सावकारांना मक्त्यानं. वऱ्हाडचा महसूल ज्यांच्याकडे गहाण होता त्यांत मुंबईकडचे पारशी पेढीवाले विकाजी आणि पेस्तनजी मेहरजी हे मोठं नाव. आणि याच पेढीनं १८२५-२६ च्या सुमारास वऱ्हाडचा कापूस बैलांच्या पाठीवर लादून थेट मुंबईला पाठवला. त्याआधी हा कापूस पार गंगेकाठच्या मिर्झापूरच्या बाजारात जात असे, बंजाऱ्यांच्या तांड्यांबरोबर.

खामगावचा जन्म याच काळातला. १८२० च्या आसपास काही व्यापारी तिथं येऊन बसले, तूप, सूत आणि कापसाचा व्यापार सुरू झाला. गावाला ना किल्ला, ना राजवाडा, ना मोठं तीर्थ. निव्वळ बाजारानं उभं केलेलं गाव. हे लक्षात ठेवा, कारण सिंदखेडराजाला लखुजी जाधवांचा वाडा आहे, १५९८ साली जिजाऊ तिथं जन्मल्या. मेहकरला सरकार होतं. लोणारला उल्केनं पाडलेलं सरोवर आणि जुनी देवळं आहेत. खामगावकडं फक्त रुई होती.

२१ मे १८५३. लॉर्ड डलहौसीच्या काळात निजामानं तह केला. इंग्रजांनी त्याच्या नावावर ठेवलेल्या कंटिन्जंट फौजेचा खर्च थकला होता. त्या खर्चापोटी वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात गेलं. ताबा इंग्रजांचा, पण मालकी निजामाची. हा तिढा लक्षात घेतला नाही तर आपला इतिहास कळत नाही. आपले खापरपणजोबा कायद्यानं निजामाची रयत होते, आणि सारा मात्र गोऱ्या साहेबाच्या कचेरीत भरत होते. १९०२ मध्ये कर्झननं वर्षाला २५ लाख रुपये देऊन वऱ्हाड कायमचं पट्ट्यानं घेतलं, तरी निजामाचा नावाचा हक्क राहिलाच. १९३६ मध्ये निजामाच्या वारसाला 'प्रिन्स ऑफ बेरार' ही पदवी मिळाली ती त्यातूनच. म्हणजे दोन सह्यांच्या कागदासारखा आपला मुलूख.

या नव्या कारभारात १८६४ साली चिखली, मलकापूर आणि मेहकर हे तीन तालुके पश्चिम वऱ्हाडातून वेगळे काढले आणि एक जिल्हा केला. त्याला आधी नैर्ऋत्य वऱ्हाड म्हणत, मग मेहकर जिल्हा. १८६७ मध्ये मुख्यालय बुलढाण्याला आलं आणि जिल्ह्यालाही तेच नाव पडलं. त्या वेळी बुलढाणा हे तालुक्याचंही गाव नव्हतं, चिखली तालुक्यातलं एक लहानसं गाव होतं. 'भिल ठाणा' वरून बुलढाणा नाव पडलं असं सांगतात. मग निवड का झाली? हवा. वऱ्हाडातली सगळ्यात चांगली हवा म्हणून गोऱ्या अधिकाऱ्यांना हे ठिकाण आवडलं होतं. अमरावती-अकोल्याच्या उन्हानं भाजून निघणाऱ्या साहेबाला घाटावरचा गारवा हवा होता. आपल्या जिल्ह्याचं मुख्यालय ठरलं ते बाजार बघून नाही, रस्ता बघून नाही, थर्मामीटर बघून. बुलढाणाकरांनी राग मानू नये, मलाही ती हवा आवडते.

आणि नेमकं त्याच वर्षी, १८६७ मध्ये, खाली दुसरंच काहीतरी घडत होतं. भुसावळहून निघालेली रेल्वे नागपूरला पोचली. ती गेली पूर्णेच्या सपाट खोऱ्यातून: मलकापूर, नांदुरा, जलंब, शेगाव. घाट चढायची तिला गरजच नव्हती. त्याच वर्षी खामगावला नगरपालिका झाली. म्हणजे एकाच वर्षात कचेरी घाटावर गेली आणि पैसा घाटाखाली उतरला. तेव्हापासूनची ही फारकत आहे.

एवढी घाई कशाची होती? अमेरिकेत १८६१ ते १८६५ यादवी युद्ध चाललं. दक्षिणेकडच्या राज्यांचा कापूस बंद झाला आणि मँचेस्टरच्या गिरण्या थंड पडायला लागल्या. लिव्हरपूलच्या दलालांचं लक्ष वऱ्हाडाकडं वळलं. भाव असे चढले की ज्वारीच्या वावरात पऱ्हाटी आली. युद्ध संपलं, भाव कोसळले, पण गिरण्यांना धडा मिळाला होता: कापूस एकाच देशावर सोडायचा नाही. खामगाव मुख्य लाइनपासून आठ मैल आत राहिलं होतं, तर तेवढ्यासाठी जलंबहून वेगळा फाटा टाकला. १८७० मध्ये त्याचं उद्घाटन करायला खुद्द व्हाइसरॉय लॉर्ड मेयो खामगावला आले. (हेच मेयो पुढं १८७२ मध्ये अंदमानात शेर अलीच्या हातून मारले गेले.) हिंदुस्थानचा व्हाइसरॉय एका आठ मैलांच्या लाइनसाठी येतो, यावरून त्या रुईची किंमत काय होती ते समजा. त्या काळात खामगावचा कापूस बाजार वऱ्हाडातला सगळ्यात मोठा होता. पुढं अमरावतीनं मान घेतला.

पण या भरभराटीची दुसरी बाजू आपल्या पोवाड्यांत येत नाही. रेल्वेनं कापूस बाहेर नेला, तशी ज्वारीही बाहेर गेली. पूर्वी पेवात दोन वर्षांचं धान्य असायचं, आता हातात रोकडा आणि घरात सावकाराचा कागद. १८९६-९७ आणि १८९९-१९०० च्या दुष्काळांत वऱ्हाड, ज्याला 'सोन्याची कुऱ्हाड' म्हणायची पद्धत आहे, तेच वऱ्हाड उपाशी मेलं. १८९१ ते १९०१ या दहा वर्षांत बुलढाणा जिल्ह्याची लोकसंख्या वाढायची सोडून घटली. रेल्वे होती, बाजार होता, व्हाइसरॉय येऊन गेले होते. तरी.

आता येतो तो १९०५ चा प्रसंग, ज्यासाठी ही पोस्ट लिहायला बसलो.

१९०२ च्या करारानंतर १९०३ मध्ये वऱ्हाडचा कारभार मध्य प्रांताला जोडला, म्हणजे नागपूरला. नव्या मालकाला खर्च कमी करायचा होता. वऱ्हाडात तेव्हा सहा जिल्हे होते: अमरावती, एलिचपूर, अकोला, बुलढाणा, वाशीम आणि वणी. ऑगस्ट १९०५ मध्ये सहाचे चार केले. एलिचपूर अमरावतीत गेलं. वणी जिल्ह्याचं नाव यवतमाळ झालं. वाशीम जिल्हाच मोडला. त्याचे वाशीम आणि मंगरूळ तालुके अकोल्याला दिले, पुसद यवतमाळला. आता अकोला फार मोठं झालं. मग ते हलकं करायला काय काढायचं? खामगाव आणि जळगाव. ते उचलून बुलढाण्याला दिले.

बस, एवढंच. खामगावकरांना कोणी विचारलं नाही, बुलढाण्याचीही मागणी नव्हती. अकोला आपल्याच सपाटीवर, त्याच रेल्वेवर, पन्नासेक किलोमीटरवर. तरी खामगावची कचेरी घाट चढून वर गेली. कुठल्यातरी टेबलावर वजन सारखं करायला ठेवलेलं माप आहोत आपण.

आणि पुढचा भाग बघा. १ जुलै १९९८ रोजी वाशीमला त्याचा जिल्हा परत मिळाला, त्र्याण्णव वर्षांनी, अकोल्यातून निघून. ज्या वाशीमच्या ओझ्यामुळं खामगाव अकोल्यातून काढलं, ते ओझं उतरलं. खामगाव मात्र जिथं ठेवलं तिथंच राहिलं. म्हणून खामगाववाल्यांनी 'आम्ही मोठे' हा मुद्दा जरा बाजूला ठेवून हा हिशोब मांडला पाहिजे. तो जास्त वजनदार आहे. शहर मोठं आहेच म्हणा. २०११ मध्ये खामगाव ९४ हजारांच्या घरात आणि बुलढाणा ६७ हजारांच्या. अप्पर पोलीस अधीक्षकांचं कार्यालयही खामगावात आहे, म्हणजे सरकारलाही अंतर कळतं.

पण लगेच फटाके फोडू नका. त्याच वाशीमची पुढची गोष्टही ऐका. जिल्हा होऊन वीस वर्षं झाली, आणि २०१८ मध्ये नीती आयोगानं देशातल्या मागास, म्हणजे 'आकांक्षित' जिल्ह्यांची यादी केली तेव्हा महाराष्ट्रातल्या चार नावांत वाशीम होतं. कचेरी आली, साहेब आले, बंगले झाले, झेरॉक्सची दुकानं वाढली. सिंचन आणि कारखाने कचेरीच्या मागोमाग आपोआप येत नाहीत.

हे फक्त आपल्याकडचं नाही. इटलीत मिलान शहराच्या उत्तरेला मोन्झा नावाचं गाव आहे, मोटारींच्या शर्यतीमुळं पोरांना माहीत असेल. तो ब्रियान्झा भाग फर्निचरच्या कारागिरीचा, लहान कारखान्यांचा. त्यांचं म्हणणं आपल्या खामगावसारखंच: धंदा आमचा स्वतःचा, मग कारभार मिलानमधून का? २००४ मध्ये कायदा होऊन त्यांना वेगळा प्रांत मिळाला. तिथं प्रांत म्हणजे आपल्या जिल्ह्याएवढंच प्रकरण. २००९ मध्ये पहिली निवडणूक झाली. आणि २०१४ मध्ये इटलीच्या सरकारनं नवा कायदा करून सगळ्याच प्रांतांची थेट निवडणूक बंद केली. मिलान प्रांताच्या जागी 'महानगर' आलं, १ जानेवारी २०१५ पासून, आणि मिलानचा महापौर हाच त्या सगळ्या महानगराचा प्रमुख झाला. मोन्झावाल्यांना पाटी मिळाली, पण त्या पाटीमागं बसणाऱ्याला थेट निवडायचा हक्क पाच वर्षांत गेला.

आपल्याकडं तर त्यासाठी कायदाही बदलावा लागला नाही. १ मे १९६२ ला महाराष्ट्रात जिल्हा परिषदा आल्या, गावच्या माणसानं जिल्हा चालवावा म्हणून. बुलढाणा जिल्हा परिषदेची मुदत मार्च २०२२ मध्ये संपली, प्रशासक बसले, आणि वर्षामागून वर्षं त्यांच्याच सहीनं कारभार चालला. त्या काळात जिल्ह्याच्या विभाजनावर जेवढ्या पोस्ट पडल्या, त्याच्या एक दशांश तरी यावर पडल्या का? मी स्वतः दोनच लिहिल्या, हे आधीच कबूल करतो.

पोटापाण्याचंही थोडं बोलू. कापसाची एकाधिकार खरेदी १९७२ मध्ये सुरू झाली तेव्हा खामगावच्या जिनांसमोर गाड्यांच्या रांगा लागायच्या, लहानपणी बैलगाडीच्या टोपणाखाली मीही त्या रांगेत रात्र काढली आहे. ती खरेदी गेली, घाटावर सोयाबीननं कापसाला मागं सारलं, बरीच जिनं बंद पडून तिथं प्लॉट पडले. खामगाव तरीही तगलं: चांदीचा व्यापार, साबणाचा मोठा कारखाना, एमआयडीसी. शेगावची अर्थव्यवस्था गजानन महाराजांच्या संस्थानाभोवती उभी आहे. १९१० मध्ये महाराजांनी समाधी घेतली तेव्हा ते खामगाव तालुक्यातलं गाव होतं, आज देशभरातून गाड्या येतात. रेल्वे नसलेल्या बुलढाण्यानंही कमाल केली. १९८६ मध्ये तिथं 'बुलडाणा अर्बन' ही पतसंस्था निघाली आणि तिच्या शाखा जिल्ह्याबाहेर, राज्याबाहेर गेल्या. म्हणजे घाटावरच्या कचेरीच्या गावानं पैशाचा बाजार मांडला.

आणि आता वाट पुन्हा बदलली. डिसेंबर २०२२ मध्ये समृद्धी महामार्गाचा नागपूर-शिर्डी टप्पा सुरू झाला. तो आपल्या जिल्ह्यात कुठून जातो? मेहकर, लोणार, सिंदखेडराजा, देऊळगावराजा. सगळा घाटावरून. १८६७ ची रेल्वे सगळी घाटाखालून, २०२२ चा रस्ता सगळा घाटावरून, आणि दोघांनाही बुलढाणा शहर लागत नाही. या दोन्हींना जोडणारी एकच गोष्ट कागदावर आहे: खामगाव-जालना रेल्वे. शंभर वर्षांहून जुनी मागणी. जलंबहून आलेली ती आठ मैलांची लाइन खामगावला येऊन संपते. मेयोंनी उद्घाटन केलं तेव्हा ती जिथं थांबली, तिथंच अजून थांबलेली आहे. ती पुढं चिखली, देऊळगावराजावरून जालन्याला गेली असती तर घाटावर-घाटाखाली हा प्रश्नच निम्मा झाला असता.

मला विचाराल तर खामगाव जिल्हा व्हायला माझा विरोध नाही. संग्रामपूर-जळगावच्या खारपाणपट्ट्यातला किडनीचा पेशंट एका दाखल्यासाठी शंभर किलोमीटर घाट चढून जातो, त्याला मी कोणत्या तोंडानं थांब म्हणू? पण जिल्हा मागताना सोबत ती रेल्वे मागा, पूर्णेवरच्या जिगाव प्रकल्पाचं पाणी मागा. नुसती रेघ मारली तर घाटावर रेल्वेविना एक जिल्हा उरेल आणि घाटाखाली खाऱ्या पाण्याचा दुसरा. रेघ मारणं सरकारला स्वस्त पडतं. १९०५ मध्येही स्वस्तच पडलं होतं.

एक विनंती. खामगाव, शेगाव, जळगाव जामोद, संग्रामपूर भागात कोणाच्या घरी १९०५ च्या आधीचं खरेदीखत, गहाणखत किंवा साऱ्याची पावती असेल, ज्यावर 'जिल्हा अकोला' लिहिलेलं आहे, तर फोटो काढून कमेंटमध्ये टाका. नाव-गट झाकून टाका. मोडीत असलं तरी चालेल, वाचून देणारे दोघं आपल्या ओळखीचे आहेत.